'प्रीमियम अनलॉक्ड' म्युझिक ॲप फुकट मिळतं, पण त्याचं बिल तुमच्या फोनवर कसं फाटतं?

एक गाणं संपतं, दुसरं सुरू होईल म्हणून वाट बघावी तर मध्येच जाहिरात. पुढे ढकलावं म्हटलं तर स्किपची मर्यादा संपलेली. हवं ते गाणं हवं तेव्हा डाउनलोड करायचं तर आधी पैसे भरा. असं दोन-चार दिवस चाललं की आपल्यातलाच कुणीतरी टेलिग्रामवर एक फाईल पाठवतो. सोबत मेसेज असतो, "हे टाक. ॲड नाही, लिमिट नाही, सगळं प्रीमियम फुकट."

फाईल उघडली की फोन एक-दोनदा इशारा देतो. आपण 'तरीही इन्स्टॉल करा' दाबतो. दोन मिनिटांत तोच लोगो, तोच रंग, तीच गाणी, फक्त जाहिराती गायब. महिन्याचे शंभर-दोनशे रुपये वाचले म्हणून आपण खूश. ती फाईल मग आपणही पुढे चार जणांना पाठवतो.

आता जरा साधा हिशोब करा. कुणीतरी अनोळखी माणूस रात्र-रात्र बसून हे ॲप फोडतो, दर महिन्याला त्याची नवी आवृत्ती काढतो, वेबसाईट चालवतो, त्या वेबसाईटचं भाडं भरतो आणि तुमच्याकडे एक रुपयाही मागत नाही. मग त्याचं घर चालतं कशावर? काही जण खरोखरच हौसेखातर हे करतात. पण बाकीच्यांना पैसे कुठून मिळतात, हे समजून घेतलं तर अशा ॲपचा धोका आपोआप लक्षात येतो.

मॉड ॲप म्हणजे नेमकं काय?

अँड्रॉइडचं कुठलंही ॲप एका फाईलमधून येतं. तिला एपीके म्हणतात. ही फाईल म्हणजे एक प्रकारची झिप फाईलच असते. तिच्यात ॲपचा कोड, चित्रं, आवाज आणि ॲपला कोणकोणत्या परवानग्या लागतील याची यादी असते.

ही फाईल उघडता येते. त्यासाठीची साधनं इंटरनेटवर सहज मिळतात आणि सुरक्षेचा अभ्यास करणारे लोकही तीच वापरतात. मॉड बनवणारा माणूस ही फाईल उघडतो, कोडमध्ये जिथे 'हा वापरकर्ता प्रीमियम आहे का?' असं विचारलेलं असतं तिथे उत्तर कायमचं 'हो' करून ठेवतो, जाहिरातीचा भाग काढून टाकतो आणि फाईल पुन्हा बांधतो. 'मॉडिफाइड' म्हणजे बदललेलं, त्यावरून 'मॉड'.

यात एक गंमत आहे. ॲपमधले सगळेच निर्णय फोनमध्ये होत नाहीत. जाहिरात दाखवायची की नाही, किती गाणी स्किप करू द्यायची, यांसारखे काही निर्णय फोनमधल्या कोडमध्ये असतात, ते बदलता येतात. पण गाणं डाउनलोड करून ऑफलाईन ऐकू द्यायचं का, यासारख्या गोष्टी कंपनीचा सर्व्हर ठरवतो. फोनमध्ये कितीही फेरफार केले तरी तिकडून नकारच येतो. त्यामुळे 'सगळं अनलॉक्ड' म्हणून जे विकलं जातं, त्यातलं बरंचसं प्रत्यक्षात चालतच नाही.

सील तुटलेला सिलिंडर

घरी गॅसचा सिलिंडर आला की आपण आधी काय बघतो? सील. सील तुटलेलं असेल तर आत गॅसच आहे, वजनही बरोबर आहे असं डिलिव्हरीवाला कितीही सांगो, आपण घेत नाही. ॲपलाही असंच एक सील असतं, त्याला डिजिटल स्वाक्षरी म्हणतात.

ॲप बनवणारी कंपनी आपल्याकडच्या एका गुप्त किल्लीने एपीके फाईलवर स्वाक्षरी करते. फाईलमधलं एक अक्षर जरी बदललं तरी ती स्वाक्षरी जुळत नाही. ही किल्ली मॉड बनवणाऱ्याकडे नसते. त्यामुळे मॉड बनवणाऱ्याला कंपनीचं सील फोडावं लागतं आणि स्वतःचं नवं सील लावावं लागतं.

याचा पुरावा तुम्ही स्वतः पाहिलेला असतो. मॉड टाकताना अनेकदा 'ॲप इन्स्टॉल झालं नाही' असा मेसेज येतो आणि सूचना मिळते, 'आधी प्ले स्टोअरवरचं ओरिजिनल ॲप काढून टाका.' का बरं? कारण फोनमध्ये आधीपासून असलेल्या ॲपची स्वाक्षरी आणि या नव्या फाईलची स्वाक्षरी वेगळी असते. अँड्रॉइड म्हणतं, 'ही फाईल त्या कंपनीकडून आलेली नाही, मी अपडेट म्हणून घेणार नाही.' फोनने तुम्हाला स्पष्ट सांगितलेलं असतं की माल बनावट आहे. आपण जुनं ॲप काढून वाट मोकळी करून देतो.

एकदा हे सील तुटलं की फाईलमध्ये फक्त जाहिराती काढल्या आहेत की आणखी काही टाकलं आहे, हे बाहेरून कळायचा मार्ग सामान्य माणसाकडे उरत नाही. गाणी दोन्ही वेळा सारखीच वाजतात.

'स्पॉटिफाय प्लस'मध्ये काय सापडलं?

हे सगळं 'होऊ शकतं' या सदरातलं नाही. सप्टेंबर २०२४ मध्ये कॅस्परस्की या सायबर सुरक्षा कंपनीने एक अहवाल प्रसिद्ध केला. त्यात 'स्पॉटिफाय प्लस' नावाच्या मॉडचा सविस्तर अभ्यास होता. हे मॉड ज्या वेबसाईटवर मिळत होतं, तिथे ते सुरक्षित आणि प्रमाणित असल्याचा दावा केलेला होता. तपासल्यावर त्यात 'नेक्रो' नावाचा ट्रोजन निघाला. ट्रोजन म्हणजे उपयोगी ॲपच्या वेशात आत शिरणारा घातक प्रोग्रॅम.

त्याची काम करायची पद्धत बघण्यासारखी आहे. ॲप सुरू झालं की जाहिरातींसाठीचा म्हणून घातलेला एक भाग जागा व्हायचा. तो तुमच्या फोनची माहिती एका सर्व्हरकडे पाठवायचा. तिकडून उत्तर म्हणून एका साध्या चित्राची लिंक यायची. चित्र डाउनलोड व्हायचं. संशय यावा असं वरवर त्यात काही नसायचं. पण त्या चित्रातल्या ठिपक्यांच्या निळ्या रंगाच्या आकड्यांमध्ये पुढचा कोड लपवलेला असायचा. ॲप तो कोड वेचून काढायचं आणि चालवायचं.

या कोडला काय-काय करता येत होतं? न दिसणाऱ्या खिडक्यांमध्ये जाहिराती उघडून त्यांच्यावर क्लिक करणं. आणखी फाईली आणि ॲप्स डाउनलोड करून टाकणं. पैसे लागणाऱ्या सेवांचं सबस्क्रिप्शन घेणं. आणि तुमच्या फोनमधून दुसऱ्याच कुणाची तरी इंटरनेट वाहतूक फिरवणं.

शेवटचा मुद्दा पुन्हा वाचा. कुणी तिसराच माणूस तुमच्या इंटरनेट कनेक्शनवरून काही उद्योग करत असेल, तर तपासात सगळ्यात आधी दिसणारा पत्ता तुमच्या कनेक्शनचा असतो.

त्याच अहवालानुसार २६ ऑगस्ट ते १५ सप्टेंबर २०२४ या तीन आठवड्यांत कॅस्परस्कीने जगभरात नेक्रोचे दहा हजारांहून जास्त हल्ले अडवले. हा आकडा फक्त त्यांचं सॉफ्टवेअर असलेल्या फोनचा. मॉड टाकणारे काही लोक तर असलेलं सुरक्षा ॲपही बंद करून ठेवतात.

बनवणारा प्रामाणिक असला तरी?

'आमचा मॉडवाला भरवशाचा आहे, वर्षानुवर्षं देतोय' असं अनेक जण सांगतात. समजा तो आहे भरवशाचा. तरीही प्रश्न सुटत नाही.

सुरुवातीचा हिशोब आठवा. मॉड बनवणाऱ्याला पैसे हवे असतात. त्यासाठी तो मूळ जाहिराती काढून त्याजागी दुसऱ्या कुठल्यातरी जाहिरात कंपनीचा तयार कोड चिकटवतो. नामांकित जाहिरात कंपन्या फोडलेल्या ॲपशी व्यवहार करत नाहीत, म्हणून जी मिळेल ती घेतली जाते. त्या कोडमध्ये काय दडलंय, हे अनेकदा त्यालाही माहीत नसतं. नेक्रो असाच जाहिरातींच्या भागातून आला होता.

याआधी ऑगस्ट २०२१ मध्ये 'एफएमव्हॉट्सॲप' या व्हॉट्सॲपच्या मॉडमध्ये 'ट्रायडा' नावाचा ट्रोजन सापडला होता. तोही जाहिरातींच्या कोडसोबतच आत आलेला. तिथे आणखी एक गोष्ट घडली. वापरकर्ते त्या मॉडला एसएमएस वाचायची परवानगी देत होते. मॉडला दिलेली ती परवानगी आतल्या ट्रोजनलाही मिळाली. एसएमएस वाचता आले की पैसे लागणारं सबस्क्रिप्शन मालकाच्या नकळत घेता येतं. घराची किल्ली भाडेकरूला दिली, पण तो एकटा राहत नव्हता, असा हा प्रकार.

दुसरा प्रश्न अपडेटचा. मॉडची आजची आवृत्ती स्वच्छ निघाली म्हणून पुढच्या महिन्याची स्वच्छच असेल असं नाही. मॉड प्ले स्टोअरवरून अपडेट होत नाही. म्हणजे दर वेळी नवी फाईल शोधा, पुन्हा इशारे बाजूला सारा, पुन्हा जुगार खेळा.

तिसरा प्रश्न नक्कलेची नक्कल. 'यूट्यूब व्हान्स्ड' नावाचं मॉड अतिशय लोकप्रिय होतं. यूट्यूब म्युझिकसाठीही त्याची आवृत्ती होती. मार्च २०२२ मध्ये कायदेशीर कारणांमुळे बनवणाऱ्यांनी तो प्रकल्प बंद केला. पण लोक नावाने शोधत राहिले आणि त्या नावाने फाईली देणाऱ्या भलत्याच वेबसाईट्स चालत राहिल्या. मूळ बनवणारे गेले, दुकानाची पाटी तेवढी उरली. टेलिग्रामवर आलेली फाईल मूळ मॉडवाल्याची आहे की त्यातही कुणी मध्ये हात मारलाय, हे तुम्ही कसं ओळखणार?

गाण्याच्या ॲपला एसएमएस कशाला हवेत?

दहा वर्षांपूर्वी फोनमध्ये व्हायरस आला तर फोटो जायचे, फोन स्लो व्हायचा, आपण फॉरमॅट मारून मोकळे. आज त्याच फोनमध्ये यूपीआय आहे, बँकेचं ॲप आहे, ओटीपी त्याच फोनवर येतो, आधार-पॅनचे फोटो गॅलरीत आहेत. अनेक घरांत आई-वडिलांचं पेन्शनचं खातंही मुलाच्या फोनवरूनच बघितलं जातं. जाहिरात टाळण्यासाठी घेतलेली फाईल या सगळ्याच्या शेजारी राहायला येते.

म्हणून परवानग्या महत्त्वाच्या. गाणी ऐकवणाऱ्या ॲपला साधारणपणे नोटिफिकेशन दाखवायची, फोनमधली गाणी वाचायची आणि ब्लूटूथच्या हेडफोनशी जोडायची परवानगी पुरते. आवाजाने गाणं शोधायचं असेल तर माईक. याच्या पलीकडे काही मागितलं तर थांबा. चार परवानग्या विशेष धोक्याच्या आहेत.

पहिली, एसएमएस वाचण्याची. ओटीपी तिथेच येतात.

दुसरी, नोटिफिकेशन वाचण्याची, म्हणजे 'नोटिफिकेशन ॲक्सेस'. एसएमएसची परवानगी नसली तरी स्क्रीनवर वरून डोकावणारा ओटीपी यातून वाचता येतो.

तिसरी, ॲक्सेसिबिलिटी. ही सोय मुळात अंध आणि दिव्यांग व्यक्तींसाठी आहे. स्क्रीनवर काय लिहिलंय ते वाचून दाखवणं, त्यांच्या वतीने बटण दाबणं ही कामं ती करते. चुकीच्या हातात पडली तर हीच सोय तुम्ही काय टाइप करता ते वाचू शकते आणि तुमच्या वतीने बटणंही दाबू शकते. बँकेचे पैसे लुटणारे ट्रोजन बहुतेक वेळा हीच परवानगी मागतात.

चौथी, डिव्हाइस ॲडमिन. ही मिळाली की ॲप काढून टाकणंच अवघड होऊन बसतं.

हे धोके ओळखून अँड्रॉइडनेही कुंपण वाढवत नेलंय. २०१७ मधल्या अँड्रॉइड ८ पासून बाहेरची ॲप्स टाकायची परवानगी प्रत्येक ॲपला वेगळी द्यावी लागते. २०२२ मधल्या अँड्रॉइड १३ पासून बाहेरून आलेल्या ॲपला ॲक्सेसिबिलिटीसारखी परवानगी सहजासहजी देता येत नाही, तिथे 'रिस्ट्रिक्टेड सेटिंग' असा अडथळा येतो. ऑक्टोबर २०२४ मध्ये गुगलने भारतासाठी आणखी एक प्रयोग जाहीर केला. ब्राउझर, मेसेजिंग ॲप किंवा फाईल मॅनेजरमधून आलेलं ॲप एसएमएस, नोटिफिकेशन किंवा ॲक्सेसिबिलिटी मागत असेल, तर प्ले प्रोटेक्ट ते टाकूच देत नाही.

पण हे प्रत्येक कुंपण ओलांडायचं कसं, हे दाखवणारा व्हिडिओ मॉडच्या लिंकसोबतच मिळतो. 'आधी प्ले प्रोटेक्ट बंद करा' ही त्यातली पहिली पायरी असते. चोर आत यायच्या आधी कुत्रा बांधून ठेवायला सांगतोय, आणि आपण बांधतो.

'मला तर काहीच झालं नाही'

हा सगळ्यात जास्त ऐकू येणारा युक्तिवाद. खरंच काही झालं नसेलही, सगळेच मॉड विषारी नसतात. पण नेक्रोसारख्या प्रकारात मालकाला काही कळू न देणं हाच तर धंदा आहे. जाहिराती न दिसणाऱ्या खिडकीत उघडतात. तुम्हाला जाणवतं ते एवढंच, की बॅटरी लवकर उतरते, डेटा पॅक संध्याकाळीच संपतो, फोन तापतो. आपण दोष देतो फोन जुना झाल्याला.

'स्कॅन केलं, व्हायरस नाही दाखवला.' स्कॅन त्या क्षणी फाईलमध्ये जे आहे ते बघतं. घातक भाग नंतर सर्व्हरवरून चित्राच्या रूपात येणार असेल, तर इन्स्टॉल करताना पकडायला काही नसूही शकतं.

'अँटीव्हायरस उगीच ओरडतं, मॉड आहे म्हणून.' अँटीव्हायरसचा अंदाज कधीकधी चुकतो हे खरं. पण खरा धोका आणि खोटा इशारा यातला फरक तुम्ही करणार कशाच्या आधारावर? ज्याने फाईल दिली त्याच्याच शब्दावर ना?

'प्ले स्टोअरवर पण व्हायरस सापडतातच की.' हेही खरं आहे. नेक्रो याआधी २०१९ मध्ये 'कॅमस्कॅनर' या प्ले स्टोअरवरच्या ॲपमध्ये सापडला होता. २०२४ मध्ये तो 'वुटा कॅमेरा' आणि 'मॅक्स ब्राउझर' या प्ले स्टोअरवरच्याच ॲप्समध्ये निघाला आणि ती दोन्ही मिळून एक कोटीहून जास्त वेळा डाउनलोड झालेली होती. फरक पुढे काय होतं यात आहे. कळवल्यानंतर एका ॲपमधला घातक कोड अपडेट देऊन काढला गेला, दुसरं ॲप स्टोअरवरून हटवलं गेलं. तिथे विचारायला दार आहे, उत्तर द्यायला कुणीतरी आहे. टेलिग्राम चॅनेलचा ॲडमिन उद्या नाव बदलून दुसरं चॅनेल काढेल, तुम्ही कुणाला विचारणार? प्रमाणाबद्दल बोलायचं तर इंटरनेटवरून थेट टाकल्या जाणाऱ्या ॲप्समध्ये प्ले स्टोअरच्या तुलनेत ५० पटींहून जास्त घातक प्रोग्रॅम सापडल्याचं गुगलने ऑगस्ट २०२५ मध्ये म्हटलं होतं. दुकानदारच आपल्या मालाची तुलना करतोय हे लक्षात ठेवून हा आकडा वाचावा, पण दिशा चुकीची नाही.

एक गोष्ट मात्र स्पष्ट करायला हवी. प्ले स्टोअरच्या बाहेरचं प्रत्येक ॲप वाईट असतं असं अजिबात नाही. एफ-ड्रॉइडसारखी मुक्त सॉफ्टवेअरची भांडारं आहेत, फोन कंपन्यांची स्वतःची स्टोअर्स आहेत, फोनपेचं इंडस ॲपस्टोअर आहे. धोका आहे तो दुसऱ्याचं सील फोडून अनोळखी हातांतून आलेल्या ॲपचा.

आयफोनवाले सुटले का?

पूर्णपणे नाही. ॲपलने कंपन्यांना त्यांच्या कर्मचाऱ्यांसाठी ॲप स्टोअरबाहेर ॲप देण्याची सोय दिलेली आहे. त्यासाठीची प्रमाणपत्रं वापरून काही टोळ्या स्पॉटिफायसारख्या ॲप्सच्या फोडलेल्या आवृत्त्या वाटत असल्याचं रॉयटर्स वृत्तसंस्थेने फेब्रुवारी २०१९ मध्ये उघड केलं होतं. ॲप टाकण्यासाठी एखादी वेबसाईट 'प्रोफाइल इन्स्टॉल करा', 'या डेव्हलपरवर विश्वास ठेवा' असं सांगत असेल तर तिथूनच परत फिरा. असं प्रोफाइल फोनच्या सेटिंग्जमध्ये शिरतं आणि प्रकारानुसार फोनवर बरंच नियंत्रण मिळवू शकतं.

अकाउंट, कायदा आणि गाणं बनवणारे

मॉडमध्ये लॉगिन करताना तुम्ही तुमचा ईमेल आणि पासवर्ड अनोळखी माणसाने बदललेल्या खिडकीत टाइप करता. तोच पासवर्ड ईमेलला, इन्स्टाग्रामला असेल तर एका गाण्यापायी सगळीच दारं उघडली.

कंपन्याही गप्प बसत नाहीत. मार्च २०१८ मध्ये शेअर बाजारात उतरताना स्पॉटिफायने कागदपत्रांत सांगितलं, की सुमारे २० लाख वापरकर्ते पैसे न भरता जाहिराती अडवून ॲप वापरत होते. त्याच सुमारास कंपनीने अशा लोकांना ईमेल पाठवले आणि त्यांच्याकडची बदललेली ॲप्स बंद पाडली. नियम मोडल्याबद्दल अकाउंट बंद करण्याची तरतूद कंपनीच्या अटींमध्ये आहे. अकाउंट गेलं की वर्षानुवर्षं जमवलेल्या प्लेलिस्टही गेल्या.

आपल्याकडच्या कॉपीराइट कायद्यात २०१२ च्या दुरुस्तीने कलम ६५ अ आलं. हक्कभंगाच्या हेतूने तांत्रिक संरक्षण फोडणाऱ्याला दोन वर्षांपर्यंत कैद आणि दंड अशी तरतूद त्यात आहे. हे कलम मुख्यतः कुलूप फोडणाऱ्यासाठी आहे, पण फाईल पुढे वाटत सुटणाऱ्यानेही स्वतःला फार सुरक्षित समजू नये.

आणि गाणं काही आपोआप तयार होत नाही. जाहिराती आणि सबस्क्रिप्शनच्या पैशांतूनच गायक, संगीतकार, गीतकार आणि कंपन्यांना वाटा जातो. तो कमी आहे अशी कलाकारांचीच तक्रार असते. मॉडवरून ऐकलेल्या गाण्याने त्या तिजोरीत जाहिरातीचा किंवा सबस्क्रिप्शनचा रुपयाही पडत नाही.

आधीच टाकलं असेल तर काय करायचं?

घाबरू नका, पण टाळाटाळही करू नका. क्रमाने हे करा.

१. सेटिंग्जमध्ये ॲक्सेसिबिलिटी, नोटिफिकेशन ॲक्सेस आणि डिव्हाइस ॲडमिन ॲप्स या तिन्ही ठिकाणी जा. तिथे ते मॉड किंवा कुठलंही अनोळखी ॲप सुरू दिसलं तर आधी बंद करा.

२. मग मॉड अनइन्स्टॉल करा. निघत नसेल तर फोन सेफ मोडमध्ये सुरू करून काढा. डाउनलोड फोल्डरमधली एपीके फाईलही पुसा.

३. 'अननोन ॲप्स इन्स्टॉल' या सेटिंगमध्ये क्रोम, टेलिग्राम, व्हॉट्सॲप, फाईल मॅनेजर यांना दिलेली परवानगी बंद करा. एकदा दिलेली ही परवानगी आपण विसरतो, पण ती सुरूच राहते.

४. प्ले स्टोअर उघडून प्ले प्रोटेक्ट सुरू करा आणि स्कॅन करा. केंद्र सरकारच्या सायबर स्वच्छता केंद्राच्या वेबसाईटवरही फोन तपासण्याची मोफत साधनं मिळतात.

५. दुसऱ्या, स्वच्छ फोनवरून किंवा कॉम्प्युटरवरून पासवर्ड बदला. आधी गुगल किंवा मुख्य ईमेलचा, मग बाकीचे. म्युझिक अकाउंटमध्ये 'सगळीकडून साइन आउट' हा पर्याय असेल तर तो वापरा.

६. बँकेचं स्टेटमेंट, यूपीआयमधले ऑटोपे आणि मोबाईलचा बॅलन्स तपासा. न मागितलेली मोबाईल सेवा सुरू दिसली तर १५५२२३ या क्रमांकावरून ती बंद करता येते.

७. तरीही फोन विचित्र वागत असेल तर फोटो आणि कागदपत्रांचा बॅकअप घेऊन फॅक्टरी रिसेट करा. नंतर ॲप्स प्ले स्टोअरवरूनच नव्याने टाका.

पैसे गेलेच असतील तर आधी १९३० या राष्ट्रीय सायबर हेल्पलाइनवर फोन करा आणि लगेच बँकेला कळवा. पैसा एका खात्यातून दुसऱ्या खात्यात पळत असतो, त्यामुळे जितक्या लवकर तक्रार जाईल तितकी तो वाटेत अडवला जाण्याची शक्यता जास्त. रिझर्व्ह बँकेच्या जुलै २०१७ च्या परिपत्रकानुसार, चूक बँकेची किंवा तुमची नसून तिसऱ्याच कुणामुळे गैरव्यवहार झाला आणि तुम्ही तीन कामकाजी दिवसांत कळवलं, तर नुकसान तुमच्या माथी येत नाही. पण ग्राहकाच्या निष्काळजीपणामुळे पैसे गेले असतील तर कळवेपर्यंतचं नुकसान ग्राहकाचं. फोनचे सगळे इशारे बाजूला सारून टाकलेलं मॉड हा निष्काळजीपणा आहे की नाही, असा मुद्दा बँकेने काढला तर तुमची बाजू दुबळी पडते.

मग फुकट गाणी ऐकायचीच नाहीत का?

ऐका की! स्पॉटिफाय, जिओसावन, यूट्यूब यांच्या मोफत आवृत्त्या आहेतच, फक्त जाहिराती सोसाव्या लागतात. प्रसार भारतीच्या 'न्यूजऑनएअर' ॲपवर विविध भारतीसह आकाशवाणीची शेकडो केंद्रं मोफत ऐकता येतात. गावाकडचं केंद्र पुण्या-मुंबईत किंवा परदेशात बसून लावता येतं. प्रसार भारतीचंच 'वेव्ह्ज' हे ॲप नोव्हेंबर २०२४ मध्ये गोव्यातल्या इफ्फीत सुरू झालं. तुमच्याकडे आधीची गाणी साठवलेली असतील तर व्हीएलसी हा प्लेअर पूर्ण मोफत आहे आणि त्यात जाहिरातीही नाहीत.

पैसे भरायचेच असतील तर विद्यार्थ्यांसाठीचे किंवा घरातल्या चौघांत वाटून घेता येणारे प्लॅन शोधा. मोबाईल किंवा ब्रॉडबँडच्या रिचार्जसोबत एखादी म्युझिक सेवा मिळतेय का, तेही तपासा. अनेकदा ती मिळत असते आणि आपल्याला पत्ता नसतो.

आणि एक काम आजच करा. घरातल्या मोठ्यांचे फोन एकदा हातात घ्या. त्यांनी स्वतः मॉड टाकलेलं नसतं. भाच्याने, नातवाने 'आजोबा, जुनी गाणी ऐका, जाहिरात येणार नाही' म्हणून कौतुकाने टाकून दिलेलं असतं. आजोबा त्याच फोनवर पेन्शन बघतात. ते ॲप काढा, जागेवर प्ले स्टोअरवरचं टाकून द्या, आणि जाहिरात आली तर पाच-दहा सेकंद थांबायचं, एवढं समजावून सांगा.